ठेव आणि वारस

‘हे सगळे नाहीसे होण्याआधी कोणीतरी टिपून ठेवले पाहिजे,’ हे वाक्य आपण इतक्या वेळा ऐकतो आणि इतक्या सहजपणे त्याला मान डोलावतो की त्यात काही नैतिक प्रश्न दडलेला असेल अशी शंकाही आपल्याला येत नाही. वाघ्या-मुरळीचे जागरण असो, कोकणातला दशावतारी खेळ असो, नाहीतर डोंगराआडच्या एखाद्या पाड्यावरचे लग्नविधी असोत. ते करणारी माणसे म्हातारी होत चालली आहेत, मुले शहरात गेली आहेत, आणि कोणी एक अनुबोधपट काढणारा आपला कॅमेरा घेऊन तेथे पोचला आहे. त्याच्या हेतूविषयी कोण वाईट बोलेल? मीही बोलणार नाही. परंतु वाईट हेतूने केलेल्या कामाचा निवाडा सोपा असतो. नीतीचे अवघड प्रश्न चांगल्या हेतूने केलेल्या कामातच उभे राहतात. म्हणून मला विचारावेसे वाटते की परंपरेचे चित्रण करून आपण नेमके काय जतन करतो, कोणासाठी करतो, आणि त्याची किंमत कोण देतो?

चित्रणाचे हे काम आपल्याला नवे नाही. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमधली कुस्ती चित्रित केली आणि भारतीयाने केलेले ते पहिले चित्रण मानले जाते. कुस्ती लोपत चालली आहे, म्हणून ती राखून ठेवावी, असा काही विचार त्यामागे नव्हता. हलते चित्र हेच मुळी नवल होते. एखादी गोष्ट संपत आली आहे एवढ्याचसाठी ती टिपायची, ही कल्पना थोडी नंतरची. आणि ती आल्याबरोबर घोटाळाही आला.

रॉबर्ट फ्लाहर्टी ह्या अमेरिकन गृहस्थाचा ‘नानूक ऑफ द नॉर्थ’ हा चित्रपट १९२२ साली प्रदर्शित झाला. अनुबोधपटाच्या इतिहासाचा आरंभ पुष्कळ लोक येथूनच करतात. कॅनडाच्या उत्तरेस, हडसन उपसागराच्या काठी, त्या वेळी पोर्ट हॅरिसन म्हणत त्या ठाण्याच्या परिसरात तो घेतला होता. आज त्या गावाला इनुकजुआक म्हणतात. पैसा फरचा व्यापार करणाऱ्या एका फ्रेंच पेढीचा होता. नानूक नावाचा इनुइट शिकारी बायकामुलांसह बर्फात कसा जगतो, हे त्यात दाखवले आहे. तो भाल्याने वॉलरस मारतो, बर्फाचे घर बांधतो आणि गोऱ्या व्यापाऱ्याच्या ग्रामोफोनची तबकडी नवलाने दातांनी चावून पाहतो. वस्तुतः त्या माणसाचे नाव अल्लाकारियालाक असे होते. पडद्यावरची त्याची बायको त्याची बायको नव्हती. शिकारीसाठी बंदुका तेथे केव्हाच आल्या होत्या; त्या बाजूला ठेवून जुन्या पद्धतीने शिकार करायला फ्लाहर्टीने सांगितले. बर्फाच्या घरात प्रकाश पुरेना, म्हणून एका बाजूने उघडे असे अर्धेच घर बांधले आणि त्या कुटुंबाने उघड्या थंडीत झोपून उठण्याचा देखावा केला.

‘मग हे सगळे खोटेच!’ असे म्हणून मोकळे होता येईल. मला तितक्या लवकर मोकळे होता येत नाही. भाल्याची शिकार बनावट नव्हती. ती कालची होती, आणि आज पुन्हा करून दाखवलेली होती. पुन्हा करून दाखवणे हा तर परंपरेचा स्वभावच आहे. गोकुळाष्टमीला मध्यरात्री रिकाम्या घरात बाळकृष्णाचा पाळणा हलवणारी आजी खोटे बोलत नसते. आपल्या बापजाद्यांनी वॉलरस कसा मारला हे करून दाखवताना त्या शिकाऱ्यांनाही हुरूप आला असेल, तर त्यात दोष काढणारा मी कोण? तेव्हा प्रसंग रचला की आपोआप पाप झाले, हा निकष माझ्या मते पुरा पडत नाही. दोष असेल तर तो आणखी कोठेतरी शोधला पाहिजे.

फ्लाहर्टीच्याच पुढच्या एका चित्रपटात तो सापडतो. आयर्लंडच्या पश्चिमेस ॲरन नावाची बेटे आहेत. तेथील जीवनावरचा ‘मॅन ऑफ ॲरन’ १९३४ साली पडद्यावर आला. ह्याही खेपेस एकमेकांशी नाते नसलेली माणसे निवडून एक कुटुंब बनवले होते. चित्रपटाचा मुख्य भाग म्हणजे प्रचंड शार्क माशाची शिकार. दिव्याच्या तेलासाठी होणारी ही शिकार बेटावरून कित्येक दशकांपूर्वीच उठून गेली होती. भाला कसा फेकावा हे बेटावरच्या माणसांना नव्याने शिकवावे लागले. मग ती माणसे आपल्या लहान होड्या घेऊन खवळलेल्या समुद्रात उतरली. त्यांना तेलाची गरज नव्हती. गरज होती ती चित्राला. आपण त्या माणसांना जे करायला लावले ते क्षमा करण्याजोगे नव्हते, अशा अर्थाचे उद्गार पुढे खुद्द फ्लाहर्टीनेच काढले. दोन्ही ठिकाणी जुनी शिकार नव्याने घडवली. पण ॲरनची माणसे स्वतःची आठवण जागवीत नव्हती, दुसऱ्याच्या मनातल्या आपल्या चित्रासाठी जीव धोक्यात घालीत होती. फरक मला येथे दिसतो.

आणि हे चित्र माणसाचा पाठलाग करीत राहते. अल्लाकारियालाक चित्रपटानंतर दोनेक वर्षांतच वारला. तो हरणाच्या शोधात गेला असता उपासमारीने मेला, असे फ्लाहर्टी सांगत असे. तो घरीच, बहुधा क्षयाने, गेला असे पुढच्या अभ्यासकांनी म्हटले आहे. जणू मरणदेखील चित्राला शोभेल असेच यायला हवे होते! पुढे १९५३ आणि १९५५ साली कॅनडाच्या सरकारने त्याच इनुकजुआकमधील काही इनुइट कुटुंबे सुमारे २,००० किलोमीटर उत्तरेला, त्यांनी कधी न पाहिलेल्या मुलखात नेऊन सोडली. त्यांचे तेथे अपार हाल झाले. २०१० साली सरकारने त्याबद्दल क्षमा मागितली. हे चित्रपटामुळे घडले असे मी म्हणणार नाही. सरकारची आपली कारणे होती. परंतु ‘ही बर्फातली माणसे, कोणत्याही बर्फात जगतील’ असे ज्या समाजाला विचार न करताच पटते, त्या समाजाची समजूत घडवण्यात अशा चित्रांचा वाटा असतोच. ज्याला आपण ‘अस्सल’ म्हणून गौरवतो, त्याच्याकडून आपण नकळत अशी अपेक्षा करू लागतो की त्याने बदलू नये. आपल्याला मात्र बदलायची पूर्ण मुभा असते.

आता आपल्याच देशातला एक प्रसंग घेऊ. केरळात त्रिशूर जिल्ह्यात पांजाळ नावाचे गाव आहे. तेथे एप्रिल १९७५ मध्ये नंबुदिरी ब्राह्मणांनी अतिरात्र अग्निचयन केले. हजाराहून अधिक विटांचे पाच थर रचून पक्ष्याच्या आकाराची वेदी बांधायची आणि बारा दिवस विधी चालवायचा, असा हा श्रौतयज्ञ. तो जाणणारी माणसे थोडी उरली होती आणि यापुढे तो होणार नाही, अशी भीती होती. फ्रिट्स स्टाल ह्या वेदाभ्यासकाच्या पुढाकाराने परदेशी विद्यापीठे व संस्था यांच्याकडून पैसा उभा राहिला आणि रॉबर्ट गार्डनर यांनी चित्रण केले. त्यातून ‘ऑल्टर ऑफ फायर’ हा अनुबोधपट १९७६ साली तयार झाला. स्टाल यांचा दोन खंडांचा ग्रंथ १९८३ साली निघाला. यज्ञात बोकड बळी द्यावे लागणार, हे कळताच केरळात मोठा विरोध उठला. अखेर तांदळाच्या पिठाचे पिंड केळीच्या पानात बांधून पिष्टपशूवर भागवण्यात आले.

हा यज्ञ होता की यज्ञाचे चित्रण? पुष्कळांनी हा प्रश्न विचारला आहे. कॅमेरा नसता तर तो त्या वर्षी झाला नसता, हे उघड आहे. पण श्रौतयज्ञ कोणत्या काळी यजमानाच्या एकट्याच्या कमाईवर होत होते? पूर्वी राजे आणि जमीनदार द्रव्य देत. १९७५ साली ते विद्यापीठांनी दिले. मंत्र म्हणणाऱ्यांनी ते पुढच्या पिढ्यांतील अनोळखी प्रेक्षकांसाठी म्हटले की देवतांसाठी, हे त्यांचे त्यांना ठाऊक. विरोधापुढे पिष्टपशू स्वीकारून त्या परंपरेने हेही दाखवले की ती अजून उत्तर देऊ शकते. जिला उत्तर देता येते ती परंपरा मेलेली नसते. आणि २०११ साली त्याच पांजाळात पुन्हा अतिरात्र झाले, तेव्हा लोकांची रीघ लागली. शेवटचे म्हणून टिपलेले शेवटचे ठरले नाही. ॲरनच्या शार्कपेक्षा पांजाळचा यज्ञ मला वेगळा वाटतो तो यामुळे. येथे करणाऱ्यांना करण्याचे स्वतःचे कारण होते.

तथापि ह्या यज्ञातल्या दोन गोष्टी मला विचारात पाडतात. पहिली वेदपाठाची. नंबुदिरी मुलाला वेद शिकवताना गुरू त्याच्या मस्तकावर हात ठेवतो आणि स्वराप्रमाणे ते मस्तक वर, खाली, बाजूला हलवतो. स्वर कानाने शिकण्याआधी मानेने शिकायचा. कॅमेरा हा हात उत्तम दाखवील. पण तो कोणाच्या डोक्यावर हात ठेवू शकणार नाही. दुसरी गोष्ट यज्ञाच्या शेवटची. बारा दिवस जिच्यात हे सारे चालले ती यज्ञशाळा अखेरीस जाळून टाकतात. विधीने स्वतःच आपली खूण पुसली. फीत मात्र राहिली.

ही खूण पुसण्याची रीत आपल्याला परकी नाही. दिवाळीत पोरे अंगणात मातीचा किल्ला करतात, त्यावर हळीव पेरतात, मावळे मांडतात, आणि दिवाळी सरली की किल्ला ढासळतो. शंभर वर्षांपूर्वीचा एकही किल्ला कोणी जपून ठेवलेला नाही, पण किल्ला करणे टिकले आहे. गणपती दरवर्षी नवा आणतो आणि बुडवतो. राजस्थानातले भोपे ज्या लांबरुंद पटापुढे पाबूजीची कथा गातात, तो फड जीर्ण झाला की विधीपूर्वक ‘थंडा’ करून पाण्यात सोडतात आणि नवा रंगवून घेतात. ज्यांना आपण परंपरा सांभाळणारे लोक म्हणतो, ते वस्तू सांभाळण्याविषयी इतके बेफिकीर का? कारण त्यांची भिस्त वस्तूवर नसून पुढल्या वर्षी ती पुन्हा करणाऱ्या हातांवर असते. आपला त्या हातांवरचा विश्वास उडाला, म्हणून आपण वस्तू कवटाळू लागलो आणि तिलाच जतन म्हणू लागलो. चित्रफीत ही ह्या कवटाळण्याची सर्वांत चतुर रीत आहे.

ह्याचा अर्थ कॅमेरा घरी ठेवावा, असा मी काढत नाही. आपल्याकडच्या जात्यावरच्या ओव्यांचे उदाहरण ह्या बाबतीत मोलाचे आहे. गी प्वातवाँ आणि हेमा राईरकर यांनी सहकाऱ्यांसह महाराष्ट्राच्या खेड्यापाड्यांतून एक लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या. अलीकडच्या काळात त्या ध्वनी आणि चित्र यांसह सर्वांना खुल्या झाल्या आहेत. गावोगाव पिठाच्या गिरण्या आल्या आणि पहाटेचे दळण संपले. दळणाबरोबर ओवीही बसली. आता सांगा, ओवी जिवंत राहावी म्हणून कोणत्या सासुरवाशिणीला पहाटे उठवून पुन्हा जात्याला जुंपायचे? ओवी सुंदर होती आणि दळण हाडे झिजवणारे होते, आणि ही दोन वेगळी करता येत नव्हती. अशा वेळी परंपरा गेली हीच त्या बाईची सुटका असते. मग तिने आपखुशीने जात्याशी बसून कॅमेऱ्यापुढे चार ओव्या म्हटल्या, आपले नाव आणि गाव सांगितले, कोणती ओवी आईकडून आली आणि कोणती स्वतः जोडली हेही सांगितले, तर तिला ॲरनच्या होडीत बसवलेले नाही. तिला तिच्या कष्टातून मोकळे ठेवून तिचे शब्द तेवढे ठेवून घेतले आहेत. जतन करणाऱ्याने हा विवेक सोडता कामा नये: आपल्याला गोड वाटणाऱ्या गोष्टीसाठी दुसऱ्याने कष्टात राहावे, अशी इच्छा मनातसुद्धा धरू नये.

‘ठेवून घेतले’ असे मी म्हटले. मराठीत ‘ठेव’ हा फार चांगला शब्द आहे. गावी जाताना माणूस शेजाऱ्याकडे दागिन्यांचा डबा ठेवून जातो. शेजारी तो जपतो, पण डबा त्याचा होत नाही. तो अंगावर घालून मिरवायचा नसतो आणि मालक किंवा मालकाचा वारस दारात आला की मोजून परत द्यायचा असतो. चित्रित केलेली परंपरा ही अशी ठेव आहे, असे मानले की बऱ्याच गोष्टी आपोआप स्पष्ट होतात. ठेव घेताना मालकाला विचारावे लागते. ती कोणाची हे लिहून ठेवावे लागते. अल्लाकारियालाकचा नानूक करता येत नाही. काही डबे उघडायचे नाहीत असे मालकाने सांगितले असेल, तर ते उघडता येत नाहीत. प्रत्येक विधी परक्याने पाहण्यासाठी नसतो. आणि सर्वांत मुख्य म्हणजे वारसाला आपला डबा कोठे आहे हे माहीत असले पाहिजे. एखाद्या गावचा उत्सव दूर देशीच्या संग्रहालयात थंड पेटीत सुरक्षित असेल. पण त्या गावच्या पोराला तो पाहायला मिळत नसेल, तर त्याला ठेव म्हणता येणार नाही. दुसरा शब्द वापरावा लागेल.

वारस आला तर काय होऊ शकते, ह्याचे एक विलक्षण उदाहरण अमेरिकेत आहे. जॉन एलियट ह्या पाद्र्याने १६६३ साली मॅसॅच्युसेट्समधील मूळ रहिवाशांच्या भाषेत बायबल छापले. त्या लोकांची संस्कृती राखावी हा त्याचा हेतू नव्हता. ती बदलावी हाच होता. पुढे एकोणिसाव्या शतकात ती भाषा बोलणारे उरले नाहीत. १९९३ साली त्या वाम्पानोआग लोकांतल्याच जेसी लिटल डो बेअर्ड ह्या बाईंनी तेच बायबल आणि जुनी कागदपत्रे पुढ्यात घेऊन भाषा पुन्हा उभी करायला आरंभ केला. आज त्यांची मुले ती शिकतात. ठेवणाऱ्याचा हेतू येथे उलटाच होता, तरी वारसाने हक्क सांगितल्याबरोबर ठेवीचे बीज झाले. म्हणजे खुणेत जीव घालण्याचे सामर्थ्य ठेवणाऱ्यापाशी नसते. ते मागणाऱ्यापाशी असते.

आणि मागणारा स्वतःच कॅमेरा हाती घेतो तेव्हा? कॅनडाच्या उत्तरेस इग्लूलिक नावाचे इनुइट गाव आहे. दूरचित्रवाणी आली तेव्हा ह्या गावाने १९७५ आणि १९७९ साली, दोनदा, मते देऊन तिला नकार दिला. तिच्यात त्यांच्या भाषेतले काहीच नव्हते. त्याच गावातल्या झकारायस कुनुक ह्या मूर्तिकाराने १९८१ साली आपली दगडी शिल्पे विकून चित्रणाचा कॅमेरा विकत आणला. पुढे १९९० साली त्याने काही सोबत्यांसह ‘इसुमा’ ही चित्रसंस्था काढली. इसुमा म्हणजे विचार करणे. तिच्या एका मालिकेत १९४५च्या सुमारचे इनुइट जीवन उभे केले आहे. जुनी घरे, जुनी शिकार, जुने कातड्याचे कपडे, सारे मुद्दाम घडवलेले. फ्लाहर्टीने जे केले, बाहेरून पाहणाऱ्याला तेच! पण कपडे शिवताना ते कसे शिवायचे हे तरुण मुलींनी म्हाताऱ्यांकडून शिकून घेतले. चित्रणाच्या निमित्ताने आजीचा हात नातीच्या हातावर आला. २००१ साली त्यांचा ‘अतानारजुआत’ हा संपूर्ण इनुइट भाषेतला चित्रपट कान महोत्सवात गौरवला गेला, हे चांगलेच झाले. तथापि मला त्याहून तो हात मोठा वाटतो.

‘पण ज्यांना वारसच उरला नाही, त्यांचे काय?’ असा शेवटचा आक्षेप कोणी घेईल, आणि तो खरा आहे. अंदमानातली बोआ सीनिअर ही वृद्धा जानेवारी २०१० मध्ये वारली, तेव्हा आका-बो भाषा बोलणारे कोणीच मागे राहिले नाही. शेवटच्या वर्षांत त्या भाषेत तिच्याशी बोलणारे माणूस नव्हते. अन्विता अब्बी ह्या भाषाशास्त्रज्ञ बाई तिचे शब्द आणि गाणी टिपून घेत होत्या. ते टिपण कोणाच्या मुलाला ती भाषा परत देईल असे नाही. मग ते व्यर्थ म्हणायचे का? मला तसे म्हणवत नाही. एका म्हातारीला आपली भाषा ऐकायला निदान एक माणूस मिळाले, हेच त्या कामाचे पहिले फळ. अशा ठिकाणी टिपणाऱ्याचे काम सुतकात बसणाऱ्या शेजाऱ्यासारखे असते. गेलेल्याला तो परत आणीत नाही, पण त्याला बेवारशी जाऊ देत नाही.

म्हणून कॅमेरा घेऊन खेड्याकडे निघालेल्या आपल्या तरुण मित्रांना मी एवढेच विचारीन, की तुम्ही टिपलेले पहिल्यांदा कोणाला दाखवणार? त्यांनी एखाद्या महोत्सवाचे नाव सांगितले तर मी वाईट मानणार नाही. पोट सगळ्यांना आहे. पण ज्यांचे टिपले त्यांच्याच अंगणात चादर बांधून ते दाखवायचे आहे, आणि तेथली पोरे हसतील, म्हातारी माणसे ‘असे नव्हे, असे’ म्हणून उठून उभी राहतील आणि नीट कसे ते करून दाखवतील, असे कोणी सांगितले, तर त्याने काहीतरी जतन केले आहे असे मला वाटेल.